ज्याला त्याला ‘माल’

॥ श्री ॥

बोब्लिंगेन,
ता. १२ फेब्रुवारी १९६२

चि. सौ. शुभास सुधाताईचे अनेक उत्तम आशीर्वाद वि. वि.

तुझं लोणच्याचं पार्सल सुखरूप पोचलं. बरणी फुटली नाही, पण तेल झिरपून सगळ्या खोक्याला वास लागला होता. पोस्टातल्या माणसाने ते दोन बोटांत धरून, मेलेला उंदीर द्यावा तसं माझ्या हातात दिलं. लोणचं मात्र झकास मुरलंय. हे भातावर भात घेतायत. थंडी अजून हाडं मोडते आहे, त्यात या आठवड्यात जिना झाडायची पाळी आमची. इथे त्याला केरवोखे म्हणतात. घरमालकीण फ्राऊ केलर मागून येऊन कठड्यावरून बोट फिरवते आणि ते बोट उजेडात धरून बघते. आपल्या सासवा परवडल्या म्हणायच्या.

आता खरं सांगायचं ते. पुढचं तू एकटी असताना वाच.

काल रविवार, म्हणून नेहमीप्रमाणे स्टुटगार्टहून श्रीरंग जेवायला आला होता. बरोबर त्याचा सोबती विनय. दोघेही तिथल्या टेक्निकल कॉलेजात. तुझ्या लेकीचा, आपल्या लतिकेचा फोटो मीच गेल्या महिन्यात हळदकुंकू लावून, धुतल्या रुमालात गुंडाळून श्रीरंगच्या हातात दिला होता. त्याचा होकार पुण्याला गेला, तिथून तुमच्याकडे आला, आणि तुळशीच्या लग्नानंतर बार उडवायचं ठरलं, म्हणून मी काल पुऱ्या आणि श्रीखंड केलं होतं. चक्क्यासाठी इथलं दही दोन दिवस टांगलं, तेव्हा कुठे जरा आकार आला.

मी स्वयंपाकघरात पुऱ्या तळत होते. पोरांना वाटलं, म्हातारीचं लक्ष कढईत. विनयने विचारलं की सांगलीचा माल पसंत केलास म्हणे, कसा काय आहे? तर हा श्रीरंग हसून म्हणाला की सांगलीचाच माल तो, हळदीसारखा पिवळाधमक, बघताक्षणी उचलावा असा. माझ्या हातातला झारा तेलात पडला गं.

शुभा, आपण आप्पांच्या हळदीच्या अडतीत वाढलो. माल हा शब्द काही मला परका नाही. हरिपूरच्या पेवातून हळद निघाली की आप्पा म्हणायचे, माल निघाला, आणि पहिली चिमूट देवापुढे ठेवायचे. गवंडी चुनावाळू कालवतो त्यालाही माल म्हणतो. हे कारखान्यातून येऊन, आज माल वेळेवर सुटला नाही म्हणून कुरकुरतात. हुशार पोराच्या डोक्यात माल आहे असं आपणच म्हणतो. यातल्या कशाने माझं तोंड कडू झालं नाही. पण ही पोरं! घरून पैसे आले की माल आला, बाटली आणली की माल आणला, दुसऱ्याच्या वहीतून उतरवलं की माल मारला. तेही मी पोटात घालत आले, परमुलखातली पोरं म्हणून. आता आपली पोरही त्याच पोत्यात?

जेवत्या पानावरून कुणाला बोलू नये, ही आईची शिकवण. म्हणून गप्प राहून वाढत राहिले. त्याने चांगल्या आणखी चार पुऱ्या मागून घेतल्या, आणि मावशी, तुमच्या हाताला चव आहे, असं वर म्हणाला. ते गेल्यावर ताटं घासली, तर त्याचं ताट घासूनही घासल्यासारखं वाटेना.

तू मोहनरावांशी नीट बोल. हे म्हणतात की घाई करू नका. मी म्हणते, थांबाच.

मोहनरावांना नमस्कार, लतिकेला पोटभर आशीर्वाद. माया आहे तशीच ठेव.

तुझी
सुधाताई


॥ श्री ॥

सांगली,
ता. २४ फेब्रुवारी १९६२

ती. सौ. ताईस शुभाचा शि. सा. न. वि. वि.

तुझं पत्र पोचलं. ताई, एवढ्याशा शब्दाचं एवढं काय घेऊन बसलीस? पोरं चार भिंतींत काहीबाही बरळतात. मी ह्यांना सांगितलं तर हे हसले. म्हणाले की विलिंग्डन कॉलेजच्या कट्ट्यावर बसून बघ म्हणावं ताईंना, तिथे याहून वाईट ऐकायला मिळेल, आणि त्याच पोरांचे पुढे चांगले संसार झालेत. जर्मनीत शिकलेला, निर्व्यसनी, एकुलता एक, असा माल बाजारात रोज येत नाही, असंही म्हणाले.

तुला तिथे बसून काय कळणार इथलं? लतिकेला सव्विसावं लागलंय. पहिल्याने दात पुढे म्हणून नाकारली. दुसऱ्याने चालून दाखवायला सांगितलं, मग गाऊन, मग म्हणाला मास्तरीण नको, वाद घालेल. तिसऱ्यांनी तर कळवलंही नाही. मुलगी शाळेतून येते, वह्या तपासते, एक शब्द बोलत नाही. शेजारच्या वसुधावहिनी रोज जिन्यात विचारतात की काही ठरलं का. आता कुठे मी मान वर करून ठरलं असं सांगितलं, तर तुझं हे असं.

रागावू नकोस, पण एक बोलते. तुला पोटची मुलगी नाही. मुलीच्या आईला शब्द चाळून बघायची सवड नसते. गिळायचं ते मी गिळते, तू फक्त तिकडे काही बोलू नकोस. श्रीरंगला दुखवू नकोस. लतिकेला यातलं काही सांगितलेलं नाही. सगळं छान आहे, मावशी खूश आहे, एवढंच तिला म्हटलं.

भावजींना नमस्कार. धाकटीचं चुकलं तर पदरात घे.

तुझी
शुभा


॥ श्री ॥

बोब्लिंगेन,
ता. ११ मार्च १९६२

चि. सौ. शुभास अनेक आशीर्वाद वि. वि.

तुझं ते पोटच्या मुलीचं वाक्य लागलं. लागायचंच होतं, लागलं. पण राग धरला नाही. लतिका जन्मली तेव्हा पहिली अंघोळ मी घातली होती, तेवढ्यावर माझं चाललंय.

तुझं ऐकायचं म्हणून मी ठरवलं की श्रीरंगशी पुन्हा गोडीने वागायचं. एकदा ऐकलेलं मनाला मागे ओढतं, तेव्हा त्याला त्याच्या खोलीवर जाऊन बघावं, चांगलं काही दिसलं तर मनातली अढी जाईल. रव्याचे लाडू केले आणि काल गाडीने स्टुटगार्टला गेले. दार विनयने उघडलं. श्रीरंग खाली अंघोळीला गेला होता.

शुभा, मी काय बघितलं ते ऐक. भिंतीवरच्या आरशाच्या चौकटीत फोटो खोचले होते. सात-आठ असतील. सगळ्या आपल्याकडच्या पोरी. कुणी कुंडीशेजारी उभी, कुणी खुर्चीत वीणा घेऊन, एक तर इतकी लहान की परकरातून नुकती साडीत आलेली. आईबापांनी कुठून कुठून, कोण कोण मध्यस्थ धरून पाठवलेले. एकीच्या कपाळावर बियरच्या पेल्याखाली ठेवतात ती गोल चकती अडकवली होती. आणि प्रत्येकीच्या खाली चिठ्ठी, चिठ्ठीवर आकडे, वेगवेगळ्या हातांचे. आपल्या लतिकेखाली कुणी एक लिहिला होता, कुणी दोन.

मला वाटलं, दहापैकी दोन, आणि माझे कान तापले. तर विनय घाईघाईने समजूत घालायला लागला की मावशी, तसं नाही, इथल्या परीक्षेत एक म्हणजे उत्तम आणि सहा म्हणजे नापास, रविवारी आम्ही सगळे बसून गुण देतो, तुमच्या लतिकेला सगळ्यांत चांगले मिळाले. हे तो मला आनंदाने सांगत होता गं! नातलगाला पेढा द्यावा तसं. त्याचा चेहरा इतका निर्मळ होता, त्याचीच मला जास्त शिसारी आली. माझं जेवण जेवून परत गेल्यावर ही पोरं रविवारी हे करत होती.

मी एकेक फोटो काढून पदरात घेतला. तेवढ्यात श्रीरंग आला, खांद्यावर टॉवेल. आधी लाजला. मग माफी मागितली की मावशी, तुमच्यासमोर हे यायला नको होतं. मी म्हटलं, माझ्यासमोर आलं याचं दुःख नाही, होतं याचं आहे. तर म्हणाला की अहो मावशी, चेष्टा ती, मी शेवटी सगळ्यांतून तुमचीच निवडली ना? फोटो मात्र द्या, ते माझ्या नावाने आलेत. मी म्हटलं की बाबा रे, लाडू ठेव, फोटो मिळायचे नाहीत. तो जिन्यापर्यंत मागे आला, पण अंगाला हात लावायचं धाडस झालं नाही. आल्झो, बिटे, आल्झो, बिटे, असं जर्मनमध्ये विनवल्यासारखं काहीतरी पुटपुटत राहिला.

घरी येऊन सगळे फोटो ओल्या फडक्याने हलकेच पुसले. आपल्याकडे फोटोच्या मागे बाप पत्ता लिहितो, ते बरं झालं. माझं शिक्षण चौथीपर्यंतचं, पुढचं सगळं पुड्यांचे कागद वाचून, पण पाकिटं मीच लिहिली. प्रत्येकाला दोनच ओळी: मुलगा पाहिला. आपल्या मुलीच्या योग्यतेचा वाटला नाही, म्हणून फोटो परत करते. लतिकेचाही वेगळ्या पाकिटाने तुझ्याकडे टाकला आहे.

ह्यांनी पाकिटं पाहिली आणि उठून तिकिटं चिकटवायला बसले.

आणि मोहनरावांना सांग, त्यांनीही पत्रात तोच शब्द लिहवून घेतला. मुलगा झाला तरी तो शब्द माणसाला लावू नये. खरजेसारखा आहे, एकाच्या अंगावरून दुसऱ्याच्या अंगावर जातो.

मला शिव्या घालायच्या तर घाल. पण बोलणं टाकू नकोस.

तुझी
सुधाताई


॥ श्री ॥

सांगली,
ता. २७ मार्च १९६२

ती. सौ. ताईस शि. सा. न.

ताई, हे काय करून बसलीस? तू इतकी वर्षं बाहेर राहून साधी रीत विसरलीस का? फोटो परत आला म्हणजे मुलगी नाकारली. आत चिठ्ठी काय आहे ते कोण वाचतं? पाकीट पोस्टमनने दारात वसुधावहिनींच्याच हातात दिलं. बोटं लावून बघितल्यावर आतला पुठ्ठा कुणालाही कळतो. संध्याकाळपर्यंत गल्लीभर झालं की जर्मनीवाल्यानेही नको म्हटलं. काल मिरजेचे एक गृहस्थ पुण्याहून आपला पत्ता काढून, तुझी चिठ्ठी घेऊन आले. ही सुधाबाई कोण, आमच्या मुलीचं जमत आलेलं मोडणारी, असं ओसरीत उभं राहून विचारत होते. त्यांना चहासुद्धा नको झाला. बाकीच्या पोरींच्या घरी काय झालं असेल याचा तू विचार केलास?

आता पुण्याहून श्रीरंगच्या वडिलांचं पत्र आलंय. मुलाचा परक्या मुलखात अपमान झाला, तरी मुलगा मोठ्या मनाने अजून तयार आहे. मात्र मावशीबाईंनी स्वतःच्या हाताने माफी लिहून द्यावी, ती हाती आली की पुढची बोलणी. नाहीतर संपलं.

हे दोन दिवस धड जेवले नाहीत. ते गुणांचं वाचून मलाही किळस आली, खोटं कशाला बोलू. दिवसभर तोंडात राख असल्यासारखं झालं. पण ताई, किळस आली म्हणून कुणी पोरीला जन्मभर घरात ठेवतं का? दोन ओळी लिही. तुझ्या पायांवर डोकं ठेवते.

तुझी
शुभा


॥ श्री ॥

बोब्लिंगेन,
ता. ५ एप्रिल १९६२

चि. लतिकेस सुधामावशीचे अनेक उत्तम आशीर्वाद.

बाळ, हे पत्र तुझ्या शाळेच्या पत्त्यावर टाकते आहे, म्हणजे आधी तुझ्या हाती पडेल. तुझ्यामाझ्यात आजवर चोरटं काही नव्हतं, म्हणून हात जरा अडखळतोय.

तुझी आई तुला सांगत नाही, मीही तुला विचारलं नाही. आम्ही दोघी बहिणी तुझ्या डोक्यावरून आहेराच्या साडीसारखी ओढाताण करतोय. म्हणून आत माझी तुझ्या आईला लिहिलेली पत्रं जशी आठवली तशी थोडक्यात उतरवून दिली आहेत. कडू आहे, पण काही गाळलेलं नाही. शांतपणे वाच.

फोटो परत पाठवण्यात माझं चुकलं. रागाच्या भरात नियत बघितली, रीत बघितली नाही. त्या पोरींच्या घरी मी आता एकेक लांब पत्र लिहिते आहे. कुणी वाचेल, कुणी फाडेल.

सोबत दुसरा कागद आहे. त्यावर मी श्रीरंगची माफी मागितली आहे. नीट, स्पष्ट, नाक घासून. हा कागद मी त्याला पाठवलेला नाही, तुझ्या आईलाही नाही. तुझ्याजवळ ठेवते. तुला तो मुलगा हवा असेल तर टपालात टाक. मग मी त्या गोष्टीचा पुन्हा उच्चार करणार नाही, आणि तुम्ही इथे आलात तर पहिली पुरी त्याच्या पानात वाढेन. नको असेल तर बंबात घाल. माझ्या घृणेवर तुझं लग्न मोडू नये, आणि तुझ्या आईच्या भीतीवर ते लागू नये, एवढंच मला वाटतं.

तब्येतीला जप. तू कळवशील ते मला गोड आहे.

तुझी
सुधामावशी


॥ श्री ॥

सांगली,
ता. ९ मे १९६२

ती. सौ. सुधामावशीस लतिकेचा शि. सा. न. वि. वि.

उत्तराला महिना लावला, माफ करा. परीक्षेच्या वह्या होत्या हे निमित्त. खरं कारण पुढे आहे.

तुमचा माफीचा कागद वाचला. मावशी, तुमचं अक्षर इतकं वाकडं मी कधी पाहिलं नव्हतं. प्रत्येक ओळ खाली घसरलेली. पाठवावा असं दोनदा वाटलं, खोटं बोलत नाही. बाबा जेवत नव्हते, आई देवघरात बसून नुसती वाती वळत होती. आणि मला वाटलं, मुलगे एकत्र जमले की बरळतात, एकटे असले की माणूस असतात. तेव्हा एकट्या माणसाला विचारावं. मी श्रीरंगना स्वतःच पत्र लिहिलं. रागाचं नव्हे. माझी ओळख लिहिली, शाळेचं लिहिलं, मला भूमिती शिकवायला आवडते आणि स्वयंपाकात फक्त आमटी बरी जमते असं लिहिलं. शेवटी एकच विचारलं की तुम्ही माझीच निवड का केलीत.

त्यांचं उत्तर आलं. फार सभ्य पत्र आहे. सुंदर अक्षर, काना-मात्रेची चूक नाही. आधी घडल्या प्रकाराबद्दल खेद. मग लिहितात की तुमचा वर्ण उजळ, उंची मला अनुरूप, शिक्षण आहे पण जास्त नाही, मावशी इथेच असल्याने तुम्हाला करमेल. आणि पुढे: माझ्या सर्व मित्रांनाही एकमताने आपणच पसंत होतात, हे आपल्याला वाचून समाधान वाटेल.

मावशी, तो शब्द त्या पत्रात कुठेही नव्हता. शोधला मी. एकेक शब्द देवळात वाचावा असा होता. तरी ते वाचून मी उठून मोरीत गेले.

पत्र मी आईपुढे ठेवलं. तुमचंही ठेवलं. आईने चष्मा लावला, वाचलं, परत पहिल्यापासून वाचलं. मग त्या मित्रांच्या ओळीवर बोट ठेवून बाबांना हाक मारली आणि विचारलं की ह्यांच्या मित्रांनी आमच्या मुलीला काय म्हणून पसंत करायचं? बाबा म्हणाले की अगं, तो कौतुकच करतोय. आई म्हणाली की तेच तर.

एवढंच. आरडाओरडा नाही. बाबा अजून घुश्शात आहेत, पण काल वाढलेलं सगळं खाल्लं. माफीचा कागद मी बंबात घातला, विचारल्याशिवाय. शाळा सात जूनला उघडते आहे, मला यंदा सातवीचा वर्ग दिलाय. पुढे काय व्हायचं ते होईल.

काकांना नमस्कार. तुमची सावली अशीच लांबून का होईना पडू दे.

तुमची
लतिका

ता. क. ताई, ही जागा लतिकेने माझ्यासाठी ठेवली आहे. पुण्याला ह्यांनी लिहायला नकार दिला, म्हणून मी लिहिलं. आयुष्यात पहिल्यांदा परक्या पुरुषाला पत्र लिहिलं. लिहिलं की आपल्या चिरंजीवांचा फोटो साभार परत करत आहोत, मुलगा पसंत नाही. आणि पाकीट बंद न करता वसुधावहिनींच्या हातात दिलं, जाता जाता पेटीत टाका म्हणून. — शुभा